सख्ख्या भावाचं रक्त का चालत नाही? रक्ताचे गट शोधणाऱ्या कार्ल लँडस्टायनर यांची गोष्ट

तालुक्याच्या दवाखान्यात बाळंतीण अडली, नाहीतर ट्रॅक्टर उलटून माणूस जखमी झाला, की डॉक्टर आधी रक्ताची चिठ्ठी लिहितात. घरातले चार-पाच जण बाह्या सरसावून पुढं येतात. मग कळतं की सख्ख्या भावाचा गट वेगळा, चुलत्याचा त्याहून वेगळा. आणि शेजारच्या कॉटवरच्या पेशंटला भेटायला आलेल्या, कधी नाव-गाव न ऐकलेल्या पोराचा गट मात्र तंतोतंत तोच. रक्ताचं नातं म्हणतात ते इथं कामाला येतंच असं नाही.

हे असं का होतं, ते सव्वाशे वर्षांपूर्वी एका माणसानं शोधून काढलं. त्यांचं नाव कार्ल लँडस्टायनर. दरवर्षी १४ जूनला जागतिक रक्तदाता दिन असतो, गावोगाव शिबिरं लागतात, प्रमाणपत्रं वाटली जातात. ती तारीख म्हणजे लँडस्टायनर यांचा जन्मदिवस. २००४ सालापासून हा दिवस पाळला जातो. शिबिराच्या बॅनरवर नेत्यांचे फोटो असतात, या माणसाचा मात्र शोधूनही सापडत नाही.

आधी काय हाल होते

एकाचं रक्त दुसऱ्याला देण्याची कल्पना जुनीच. शिवाजी महाराज आग्र्याहून सुटून आले त्याच्या पुढच्याच वर्षी, म्हणजे १६६७ मध्ये, पॅरिसमध्ये जाँ-बाप्टिस्ट डेनी नावाच्या डॉक्टरनं एका आजारी पोराच्या अंगात कोकराचं रक्त घातलं. पोरगा वाचला, कारण रक्त थोडंच होतं. पण पुढं दुसरा एक माणूस दगावला, प्रकरण कोर्टात गेलं आणि फ्रान्समध्ये या प्रकारावर बंदी आली. पुढं दीडशे वर्षं कुणी फारसं त्या वाटेला गेलं नाही.

इकडं पेशवाई बुडाली त्या १८१८ साली लंडनच्या जेम्स ब्लंडेल यांनी माणसाचंच रक्त माणसाला देऊन पाहिलं. बाळंतपणात रक्त जाऊन बायका डोळ्यांदेखत मरतात, हे त्यांना सहन होत नव्हतं. पुढं त्यांनी असे दहाएक प्रयोग केले, त्यातले साधारण निम्मे साधले. कुणाला रक्त दिलं की चेहऱ्यावर तेज यायचं. कुणाला मात्र थंडी वाजायची, पाठ-कंबर भरून यायची, लघवी काळी पडायची आणि माणूस जायचा. डॉक्टर तोच, पद्धत तीच, तरी एक जगतो आणि एक मरतो. कारण कुणालाच सांगता येईना. अमेरिकेत तर काही डॉक्टरांनी कंटाळून रक्ताऐवजी गाईचं दूध शिरेतून देऊन पाहिलं! त्याचा निकाल काय लागला असेल ते सांगायला नको.

व्हिएन्नाचा अबोल मुलगा

कार्ल यांचा जन्म १४ जून १८६८ चा, ऑस्ट्रियात, व्हिएन्ना शहराजवळच्या बाडेन या गावी. घर ज्यू. वडील लिओपोल्ड हे मोठे पत्रकार, व्हिएन्नातल्या एका नावाजलेल्या दैनिकाचे संपादक. पण कार्ल सहा वर्षांचे असतानाच वडील वारले. पुढं आई फॅनी यांनीच पोराला वाढवलं. आईवर त्यांचा एवढा जीव की ती गेल्यावर तिच्या चेहऱ्याचा साचा त्यांनी जन्मभर आपल्या भिंतीवर ठेवला. तरुणपणी त्यांनी कॅथलिक धर्म स्वीकारला.

१८९१ मध्ये ते डॉक्टर झाले. आता एखाद्यानं दवाखाना टाकला असता, लग्न केलं असतं. यांना मात्र पेशंट तपासण्यापेक्षा रसायनशास्त्राची ओढ. काही वर्षं ते झुरिक, वुर्झबुर्ग, म्युनिक अशा ठिकाणी मोठमोठ्या रसायनशास्त्रज्ञांच्या हाताखाली शिकले. त्यातले एक एमिल फिशर, ज्यांना पुढं १९०२ चं नोबेल मिळालं. हे शिक्षण पुढं फार उपयोगी पडलं. रक्ताकडं ते डॉक्टरच्याही नजरेनं बघत आणि रसायनवाल्याच्याही.

परत आल्यावर व्हिएन्नाच्या विद्यापीठात शवविच्छेदनाच्या विभागात ते सहायक म्हणून लागले. रोजचं काम म्हणजे मुडदे फाडून मरणाचं कारण शोधायचं. दहा वर्षांत त्यांनी साडेतीन हजारांहून जास्त शवविच्छेदनं केली. पगार बेताचा. माणूस उंच, अबोल, लाजाळू. घरी पियानो मात्र फार सुरेख वाजवत. सकाळी मुडदेघर आणि उरलेल्या वेळात काचेच्या नळ्या, असा त्यांचा दिवस जायचा.

सहा जणांचं रक्त

रक्त नळीत घेऊन तसंच ठेवलं की थोड्या वेळानं खाली लाल गाठ बसते आणि वर पिवळसर पाणी सुटतं. त्या पाण्याला सीरम म्हणतात. एका जनावराच्या सीरममध्ये दुसऱ्या जातीच्या जनावराच्या लाल पेशी टाकल्या तर त्यांचे गोळे होतात, हे तेव्हा माहीत होतं. शेळीचं आणि सशाचं जमत नाही, एवढंच. माणसामाणसाच्या रक्तातही कधीकधी असं होतं, असं काहींनी पाहिलं होतं. पण ते आजारामुळं होत असणार, असं बहुतेकांनी गृहीत धरलं.

लँडस्टायनर यांनी गृहीत धरलं नाही. धडधाकट माणसांच्या रक्तातही असं होतं का, हे बघायचं त्यांनी ठरवलं. लांब जायची गरजच नव्हती. त्यांनी स्वतःचं रक्त काढलं आणि सोबत काम करणाऱ्या पाच डॉक्टरांचं घेतलं. प्रत्येकाचं सीरम वेगळं, लाल पेशी वेगळ्या. मग पहिल्याच्या सीरममध्ये दुसऱ्याच्या पेशी, दुसऱ्याच्या सीरममध्ये तिसऱ्याच्या, असं आळीपाळीनं सगळ्यांचं सगळ्यांशी मिसळून पाहिलं. कागदावर चौकटी आखल्या. गोळे झाले तिथं अधिकची खूण, नाही झाले तिथं वजाची.

खूण मांडून झाल्यावर चित्र स्पष्ट दिसलं. काही ठिकाणी पेशी नीट तरंगत होत्या. काही ठिकाणी दूध नासल्यावर चोथा आणि पाणी वेगळं व्हावं तसं झालं होतं. स्वतःच्या सीरममध्ये स्वतःच्या पेशींचे गोळे मात्र एकाच्याही झाले नव्हते. आणि बाकीच्या खुणांमध्ये एक शिस्त होती. सहाही माणसं निरोगी, म्हणजे आजाराचा संबंध नाही. माणसांचं रक्तच मुळात वेगवेगळ्या प्रकारचं असतं. आणखी काही जणांचं रक्त घेऊन त्यांनी तेच करून पाहिलं, शिस्त तीच राहिली.

१९०१ मध्ये व्हिएन्नाच्या एका वैद्यकीय साप्ताहिकात त्यांनी हे छापलं. लेख अगदी छोटा. गट तीन सांगितले होते : ए, बी आणि सी. या सीलाच पुढं ओ म्हणू लागले. चौथा एबी हा गट त्यांच्याच दोन सहकाऱ्यांनी, डेकास्टेलो आणि स्टुर्ली यांनी, १९०२ मध्ये शोधला. एबीची माणसं कमीच असतात, त्यामुळं पहिल्या खेपेला ती हाताला लागली नव्हती.

हे गणित एकदा समजून घेतलं की अवघड नाही. लाल पेशीच्या अंगावर खूण असते, जनावराच्या कानातल्या बिल्ल्यासारखी. ए गटाच्या पेशीवर ए ची खूण, बी वर बी ची, एबी वर दोन्ही, ओ वर यातली एकही नाही. आणि ज्याच्याकडं जी खूण नाही तिच्या विरोधातले पहारेकरी त्याच्या सीरममध्ये तयार बसलेले असतात. ए च्या माणसाला बी चं रक्त दिलं की हे पहारेकरी तुटून पडतात, आलेल्या पेशी फुटतात, त्याचा भार मूत्रपिंडावर येतो. ब्लंडेल यांच्या पेशंटची लघवी काळी पडत होती ती म्हणूनच. ओ च्या पेशीवर यातली खूणच नाही, म्हणून ओ च्या लाल पेशी अडीअडचणीला बहुतेकांना चालतात. पण ओ च्या माणसाला मात्र ओ च लागतं. देताना सगळ्यांना आणि घेताना फक्त आपल्यातल्याकडून, असा त्याचा उलटा न्याय.

गट आईबापाकडून येतो. पण आईकडून एक वाटा आणि बापाकडून एक वाटा, आणि प्रत्येक पोराच्या वाट्याला काय येईल ते वेगळं. म्हणून आई ए, बाप बी असेल तर चार पोरांचे चार गट निघू शकतात. सख्ख्या भावाचं रक्त का चालत नाही, त्याचं उत्तर हे असं आहे.

शोध लागला, पण उचलला कुणी नाही

आपल्या त्या लेखाच्या शेवटी लँडस्टायनर यांनी सुचवून ठेवलं होतं की रक्त देताना कधी गुण येतो आणि कधी घात होतो, त्याचा उलगडा यातून होऊ शकेल. एवढी मोठी गोष्ट, पण डॉक्टरांनी लगेच हातात घेतली नाही. १९०७ मध्ये न्यूयॉर्कचे रूबेन ऑटेनबर्ग यांनी रक्त देण्याआधी दोघांचं रक्त जुळवून बघायला सुरुवात केली. तरी बरेच जण वर्षानुवर्षं तसंच देत राहिले. मधल्या काळात किती जीव गेले असतील त्याची मोजदाद नाही.

याला एक कारणही होतं. तेव्हा रक्त साठवता येत नव्हतं. काढलं की गोठायचं. देणारा आणि घेणारा शेजारी-शेजारी झोपवून शिरेला शीर जोडावी लागे. असं ऑपरेशन करणारे हाताच्या बोटावर मोजण्याइतके. १९१४-१५ च्या सुमारास कळलं की सोडियम सायट्रेट नावाचं क्षार थोडं मिसळलं तर रक्त गोठत नाही. लगेच पहिलं महायुद्ध भडकलेलं. जखमी सैनिकांचे ढीग पडत होते. तेव्हा कुठं बाटलीत रक्त ठेवणं, गट बघणं आणि देणं ही रीत बसली. आजच्या पिशवीतही सायट्रेट असतंच.

त्याच युद्धात आणखी एक गोष्ट घडली. ग्रीसमधल्या सालोनिकाच्या आघाडीवर देशोदेशीचे सैनिक जमले होते, आपले हिंदुस्थानी जवानही होते. हिर्झफेल्ड नावाच्या डॉक्टर नवरा-बायकोनं हजारो जणांचे गट तपासले. सगळ्या मुलखांत सगळे गट सापडले, फक्त प्रमाण कमी-जास्त. युरोपात ए जास्त, हिंदुस्थानी जवानांत बी जास्त. पुढं जर्मनीत काही लोकांनी याच गटांवरून शुद्ध रक्त आणि भेसळीचं रक्त ठरवायचा खटाटोप केला. पण नळीतल्या पेशींनी त्यांना साथ दिली नाही. ए गटाचा जर्मन आणि ए गटाचा परका यांचं रक्त एकमेकांना चालतंच. आपल्याकडंही आमच्या रक्तातच आहे असं म्हणून मिशीला पीळ देणारे कमी नाहीत, पण रक्तपेढीच्या फॉर्मवर जातीचा रकाना लागत नाही.

पोलिओ, युद्ध आणि उपासमार

लँडस्टायनर मात्र एका शोधावर थांबले नव्हते. १९०८ मध्ये ते व्हिएन्नातल्या दुसऱ्या एका रुग्णालयात गेले. तिथं एर्विन पॉपर यांच्यासोबत त्यांनी पोलिओनं दगावलेल्या मुलाच्या मज्जारज्जूचा अंश माकडांना टोचला आणि माकडांना तोच रोग झाला. जंतूच दिसत नसलेला हा रोग विषाणूचा आहे, हे यातून पुढं आलं. पोलिओच्या लशीपर्यंत जाणारा रस्ता इथून सुरू होतो. २०१४ मध्ये भारत पोलिओमुक्त जाहीर झाला, त्या लांबच्या कामातला हा अगदी पहिल्या टप्प्यांपैकी एक.

एवढं सगळं करून १९११ मध्ये त्यांना विद्यापीठानं प्राध्यापक हा किताब दिला. पगार नाही, नुसता किताब! १९१६ मध्ये, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, त्यांनी हेलेना व्लास्टो यांच्याशी लग्न केलं. पुढच्या वर्षी मुलगा झाला.

मग युद्ध संपलं आणि ऑस्ट्रियाचं साम्राज्य कोसळलं. व्हिएन्नात खायला अन्न नाही, शेकायला कोळसा नाही, पैशाला किंमत नाही. घरात तान्हं मूल. पन्नाशी उलटलेल्या या शास्त्रज्ञाला १९१९ मध्ये घरदार सोडून हॉलंडमधल्या हेग शहरात जावं लागलं. तिथल्या एका छोट्या रुग्णालयात काम काय, तर पेशंटची लघवी-रक्त तपासायचं. आज तालुक्याच्या लॅबमधला टेक्निशियन करतो तेच काम. ज्यानं सगळ्या जगाला रक्ताचे गट दाखवले तो माणूस पोटासाठी ते करत होता. आणि त्यातूनही वेळ काढून शोधलेख लिहीत होता.

अखेर न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेनं त्यांना बोलावलं. १९२३ पासून ते तिथंच. १९२९ मध्ये अमेरिकेचं नागरिकत्वही घेतलं. फिलिप लेव्हिन या तरुण डॉक्टरला सोबत घेऊन १९२७ मध्ये त्यांनी एम, एन आणि पी असे आणखी रक्तगट शोधले. बाप कोण, या कोर्टातल्या भांडणात त्यांचा उपयोग होऊ लागला. गटावरून अमुक माणूस बाप नाही हे सांगता येतं, आहेच असं मात्र ठामपणे सांगता येत नाही. वाळलेल्या रक्ताच्या डागावरून गट ओळखायचं काम तर त्यांनी १९०३ मध्येच सुरू केलं होतं.

१९३० मध्ये त्यांना वैद्यकशास्त्राचं नोबेल मिळालं, मूळ लेखानंतर जवळजवळ तीस वर्षांनी. गंमत म्हणजे रक्तगटांपेक्षा आपलं दुसरंच काम मोठं आहे, असं त्यांना स्वतःला वाटायचं. शरीरातले पहारेकरी रसायनातला बारीकसा फरकही कसा ओळखतात, यावर त्यांनी वर्षानुवर्षं प्रयोग केले होते. बक्षीस मात्र मिळालं ते गटांसाठी. प्रसिद्धीचं त्यांना वावडंच होतं.

निगेटिव्ह-पॉझिटिव्ह

१९३९ मध्ये ते निवृत्त झाले. पण प्रयोगशाळेत येणं काही थांबलं नाही. १९४० मध्ये, वयाच्या बहात्तराव्या वर्षी, अलेक्झांडर वीनर यांच्यासोबत त्यांनी आणखी एक शोध जाहीर केला. ऱ्हीसस जातीच्या लाल तोंडाच्या माकडाचं रक्त सशांना टोचून त्यांनी सीरम तयार केलं. ते सीरम न्यूयॉर्कच्या गोऱ्या लोकांपैकी शंभरातल्या ८५ जणांच्या रक्ताचे गोळे करत होतं, उरलेल्या १५ जणांच्या नाही. गोळे झाले ते पॉझिटिव्ह, नाही झाले ते निगेटिव्ह. माकडाच्या नावावरून त्याला आरएच म्हणतात. आपल्याकडं निगेटिव्हची माणसं बरीच कमी.

गावखेड्यातल्या बायकांच्या दृष्टीनं हा शोध पहिल्याइतकाच मोठा. आई निगेटिव्ह आणि पोटातलं बाळ पॉझिटिव्ह असलं तर पहिलं बाळंतपण बहुतेक वेळा सुखरूप होतं. पण त्या वेळी बाळाचं थोडं रक्त आईच्या रक्तात मिसळतं आणि आईच्या अंगात पहारेकरी तयार होतात. पुढच्या खेपेचं बाळ पॉझिटिव्ह असलं की ते त्याच्या लाल पेशी फोडतात. बाळ कावीळ घेऊन जन्मतं, किंवा पोटातच जातं. पूर्वी अशा बाईला काय काय ऐकावं लागायचं. बाहेरचं झालं, करणी केली, पांढऱ्या पायाची आहे. दोष कुणाचाच नसायचा, रक्ताची खूण जुळत नव्हती. लँडस्टायनर यांचे जुने सोबती लेव्हिन यांनी त्याच काळात हे कोडं उलगडलं. त्यावरचं अँटी-डी हे इंजेक्शन १९६८ पासून मिळू लागलं. बाळ पॉझिटिव्ह निघालं तर बाळंतपणानंतर ७२ तासांच्या आत ते घ्यावं लागतं. गर्भपात झाला तरी डॉक्टरांना विचारावं लागतं. म्हणून गरोदरपणाच्या कार्डावरचा रक्तगटाचा रकाना कोरा ठेवून चालत नाही.

शेवटची वर्षं त्यांना सुखाची गेली नाहीत. बायकोला कॅन्सर झाला. हा म्हातारा आपलं सगळं ज्ञान घेऊन कॅन्सरच्या मागं लागला, पण हाती काही आलं नाही. २४ जून १९४३ ला प्रयोगशाळेत काम करत असतानाच त्यांना हृदयविकाराचा झटका आला. तेव्हा हातात काचेची पिपेट होती. दोन दिवसांनी, २६ जूनला, ते गेले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात हेलेनाही गेल्या. पुढं ऑस्ट्रियानं हजार शिलिंगच्या नोटेवर त्यांचा फोटो छापला.

मुंबईत सापडलेला गट

लँडस्टायनर गेल्यावर नऊ वर्षांनी, १९५२ मध्ये, त्यांच्या गणितातली एक वेगळीच गाठ मुंबईत सापडली. डॉ. वाय. एम. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांना असं रक्त आढळलं की जे तपासणीत ओ सारखं दिसायचं, पण कुठल्याच ओ च्या माणसाशी जुळायचं नाही. ओ च्या पेशीवर ए-बी नसले तरी त्याखाली एच नावाची एक मूळ खूण असते. या लोकांकडं तीही नव्हती. लंडनच्या लॅन्सेट साप्ताहिकात हे छापून आलं आणि जगभर त्या गटाला बॉम्बे ब्लड ग्रुप हे नाव पडलं. आपल्याकडं साधारण दहा हजारात एखादा माणूस या गटाचा असतो, युरोपात त्याहून कितीतरी कमी.

अशा माणसाला फक्त त्याच्याच गटाचं रक्त चालतं. साध्या तपासणीत तो ओ म्हणूनच नोंदला जातो आणि खरा प्रकार उघडा पडतो तो रक्त देण्याआधीच्या जुळवणीत, ज्याला रक्तपेढीत क्रॉस मॅच म्हणतात. पेशंटचं सीरम आणि पिशवीतल्या पेशी एकत्र करून गोळे होतात का ते बघायचं. व्हिएन्नातल्या त्या सहा डॉक्टरांच्या रक्ताचं जे केलं होतं, तेच. नातेवाईक बाहेर घाई करत असतात, पण त्याला वेळ लागतो तो यासाठी.